काठावरचा जिल्हा : ल्यूखो-डानेनबेर्गचा भूगोल आणि इतिहास

१. प्रश्न

जर्मनीच्या लोअर सॅक्सनी राज्याच्या ईशान्य कोपऱ्यात ल्यूखो-डानेनबेर्ग नावाचा जिल्हा आहे. क्षेत्रफळ सुमारे १,२२० चौ. किमी., लोकसंख्या पन्नास हजारांच्या आत. जर्मनीतल्या ग्रामीण जिल्ह्यांत याहून कमी लोकसंख्येचा जिल्हा नाही. देशात दर चौ. किमी.ला सरासरी २३० हून अधिक माणसे राहतात, इथे जेमतेम ४०. जिल्ह्यातून एकही महामार्ग, म्हणजे ऑटोबान, जात नाही. लोक या भागाला वेंडलांड म्हणतात, म्हणजे वेंडांचा देश. जर्मनांनी आपल्या शेजारच्या स्लाव्ह लोकांना दिलेले नाव म्हणजे वेंड.

हे वाचून कोणालाही वाटेल की हा मुलूख देशाच्या टोकाला कुठे तरी आडबाजूला असणार. प्रत्यक्षात तो बर्लिन आणि हॅम्बुर्ग या जर्मनीतल्या दोन सर्वांत मोठ्या शहरांच्या दरम्यान आहे. मग तो आडबाजूचा कसा झाला? कडेपण भूगोलाने दिले की राज्यकर्त्यांनी? हा या विवेचनाचा मुख्य प्रश्न आहे. त्याचे उत्तर शोधताना प्रत्येक कालखंडाला तीन गोष्टी विचारायच्या आहेत : सीमा कुठे होती, ती कोणी आखली आणि ती मागे काय ठेवून गेली.

२. भूरचना

जिल्ह्याचे तीन नैसर्गिक विभाग पडतात.

पश्चिमेला द्राव्हेन नावाची उंचवट्यांची रांग आहे. सर्वांत उंच जागा १४२ मीटर, तेव्हा डोंगर म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. शेवटून दुसऱ्या हिमयुगात उत्तरेकडून सरकत आलेल्या बर्फाच्या थराने वाळू, गोटे आणि चिकणमाती पुढे लोटत आणली. बर्फ जिथे थबकला तिथे हा ढीग राहिला. जमीन हलकी, पाणी न धरणारी. म्हणून जंगल जास्त, शेती कमी.

मधला भाग येट्झेल नदीचा. ही नदी दक्षिणेकडच्या आल्टमार्क प्रदेशातून येते, वुस्ट्रो, ल्यूखो, डानेनबेर्ग ही गावे ओलांडते आणि हित्साकर येथे एल्ब नदीला मिळते. उतार इतका कमी की एल्बला पूर आला की तिचे पाणी येट्झेलमध्ये उलटे चढते. म्हणून इथला पूर वरून येण्याऐवजी बरेचदा खालून येतो. ओल्या कुरणांच्या या पट्ट्यात मध्येमध्ये सुपीक, कोरड्या जमिनीची बेटे आहेत आणि गावे त्या बेटांच्या कडेला धरून आहेत.

उत्तरेला आणि पूर्वेला एल्बचे रुंद खोरे. वितळत्या बर्फाच्या पाण्याने कोरलेल्या या खोऱ्यात वाळूच्या टेकड्या, जुन्या प्रवाहांची तळी आणि पूरमैदाने आहेत. मैदानात ह्योबेक नावाचा एक उंचवटा एकटाच उभा आहे. उंची ७६ मीटर. पण भोवती सगळे सपाट असल्याने तिथून नदीचा मोठा टापू नजरेत येतो.

यातून एक निष्कर्ष आताच नोंदवावा. निसर्गाने इथे आडोसा उभा केला असेल तर तो पश्चिमेला, द्राव्हेनच्या रूपाने. दक्षिणेला दलदलीचे सखल पट्टे आहेत, पण नदी तिकडूनच येते. पूर्वेची एल्ब रुंद असली तरी शतकानुशतके होड्यांचा राजमार्गच होती. म्हणजे नैसर्गिक कल पाहिला तर हा प्रदेश दक्षिणेकडे आणि पूर्वेकडे मोकळा आहे. विसाव्या शतकातली सीमा नेमकी याच बाजूंनी आली.

३. पहिली सीमा : फ्रँक आणि स्लाव्ह

फ्रँकांचा राजा शार्लमेन याने सॅक्सन लोकांना जिंकले तेव्हा त्याच्या साम्राज्याची पूर्वेकडची कड एल्बच्या आसपास येऊन थांबली. नदीच्या पलीकडे आणि अलीकडेही काही भागात स्लाव्ह टोळ्यांची वस्ती होती. सन ८०५ च्या फर्मानात शार्लमेनने स्लाव्हांशी व्यापार करण्याची ठाणी ठरवून दिली आणि त्यांना शस्त्रे विकण्यास मनाई केली. सीमा तेव्हा तारेची नव्हती. व्यापार चालावा पण तलवार जाऊ नये, एवढाच तिचा अर्थ होता.

तत्कालीन राजवृत्तांत होबुओकी नावाच्या किल्ल्याची नोंद आहे. ८१० मध्ये विल्झी नावाच्या स्लाव्ह टोळीने तो उद्ध्वस्त केला आणि ८११ मध्ये फ्रँकांनी पुन्हा बांधला. हा किल्ला ह्योबेकवर होता असे बहुतेक अभ्यासक मानतात. तिथल्या उत्खननात त्या काळची तटबंदी सापडली आहे. ७६ मीटरच्या त्या उंचवट्याचे मोल सैनिकाला कळले, शेतकऱ्याला त्याचा फारसा उपयोग नव्हता. केंद्राने काठाकडे पाहण्याची ही पहिली तऱ्हा : काठ म्हणजे पहाऱ्याची जागा.

बाराव्या शतकात जर्मन सरदारांनी एल्बच्या पलीकडे मुसंडी मारली. हाइनरिश द लायन या सॅक्सन ड्यूकच्या काळात डानेनबेर्ग आणि ल्यूखो येथे दोन छोट्या सरदारक्या उभ्या राहिल्या. सरहद्द पूर्वेला सरकली आणि वेंडलांड आतला मुलूख झाला. डानेनबेर्गच्या गोल बुरुजात १२२३ नंतर डेन्मार्कचा राजा दुसरा वाल्डेमार कैदेत होता. आजही त्या बुरुजाला त्याचेच नाव आहे. चौदाव्या शतकाच्या पहिल्या वीस वर्षांत दोन्ही सरदारक्या वेल्फ घराण्याकडे, म्हणजे पुढे हानोफरच्या सत्तेकडे गेल्या. इथला काठ तेव्हा शमला. उरले ते दोन भाषांमधले अंतर.

४. वस्ती : गोल गावाचे कोडे

वेंडलांडची ओळख म्हणजे रुंडलिंग, अर्थात गोल गाव. मधोमध मोकळे मैदान आणि त्याभोवती घोड्याच्या नालासारखी किंवा पूर्ण वर्तुळाकार मांडलेली घरे. आत यायला बहुधा एकच वाट. प्रत्येक घराची दर्शनी, त्रिकोणी माथ्याची बाजू मैदानाकडे, आणि परसाची जागा मागे रुंद होत जाणारी, भाकरीच्या फोडीसारखी. मराठी शेतकऱ्याच्या शब्दांत सांगायचे तर पांढरी वर्तुळाकार आणि काळी तिच्या पाठीमागे पट्ट्यापट्ट्यांनी पसरलेली. वाटेच्या समोरची मोठी जागा शुल्त्सेची, म्हणजे गावच्या पाटलाची. चर्च मात्र वर्तुळात नसते, कडेला असते. कारण गाव वसले तेव्हा वसणाऱ्यांचा धर्म वेगळा होता किंवा नवा धर्म अजून अंगवळणी पडलेला नव्हता.

हा आकार कशासाठी? जुन्या अभ्यासकांनी तीन उत्तरे दिली. एक, शत्रूपासून बचाव. दोन, रात्री गुरे मधल्या मैदानात कोंडता यावीत. तीन, गोल मांडणी हा स्लाव्हांचा जातिस्वभावच. तिन्ही लंगडी आहेत. लाकूडमातीच्या घरांची मागची बाजू उघडी, तट किंवा खंदक नाही. मग बचाव कसला? स्लाव्हांचा स्वभाव म्हणावा, तर त्यांच्या मूळ प्रदेशात अशी गावे सर्रास दिसत नाहीत. ती दिसतात जर्मन सत्ता आणि स्लाव्ह वस्ती जिथे भिडली त्या पट्ट्यात. भूगोलतज्ज्ञ वोल्फगांग मायबायर यांच्या मांडणीनुसार ही गावे बाराव्या शतकात जर्मन जमीनमालकांनी स्लाव्ह कुटुंबे बसवून आखून वसवली. जमिनीचे वाटे सारखे पाडायचे, कोरडवाहू शेत आणि ओले कुरण दोन्ही प्रत्येकाच्या हाताशी ठेवायचे, तर कोरड्या-ओल्याच्या सीमारेषेवर असा वळणदार आराखडा सोयीचा होता.

ही मांडणी पटण्यासारखी आहे, कारण ती आकाराचे आणि जागेचे कारण एकत्रच देते. गोल गाव दोन अर्थांनी काठावर उभे आहे : एका बाजूला माळ व दुसऱ्या बाजूला पाणथळ, एका बाजूला जर्मन मालक व दुसऱ्या बाजूला स्लाव्ह कूळ.

आज दिसणारी घरे मात्र बाराव्या शतकातली नाहीत. ती बहुतेक अठराव्या-एकोणिसाव्या शतकातली, उत्तर जर्मनीच्या प्रशस्त दालनी घराच्या धर्तीची. एकाच छपराखाली माणसे, गुरे आणि वर माळ्यावर धान्य. लाकडी चौकटीत विटांची किंवा मातीची भर, दाराच्या वरच्या तुळईवर बांधणाऱ्या नवराबायकोची नावे आणि साल कोरलेले. झाटेमिन हे गाव १८५० मध्ये जळाले आणि पुन्हा एका दमात बांधले गेले. म्हणून तिथली घरांची रांग इतकी एकसारखी दिसते.

५. भाषा : काही शतकांची मुदतवाढ

वेंडांची भाषा पोलाबियन. नाव एल्बच्या स्लाव्ह नावावरून पडले : एल्बकाठची ती पोलाबियन. पोलिश आणि काशुबियन या तिच्या बहिणी. जर्मन मुलखात इतरत्र ती मध्ययुगाच्या अखेरीपर्यंत विरत गेली, वेंडलांडमध्ये अठराव्या शतकापर्यंत जिवंत होती. कारण सरळ आहे. मोठे शहर नाही, बाहेरून येणारे व्यापारी-कारागीर थोडे, जमीन गरीब. म्हणून जर्मन वसाहतदारांनाही फारसा मोह नाही. दुर्लक्षाने भाषेला मुदतवाढ दिली.

मुदत संपत आली तेव्हा तिच्याकडे लक्ष गेले. हानोफर दरबारी असलेल्या लाइबनिझने, ज्याला आपण गणितज्ञ आणि तत्त्वज्ञ म्हणून ओळखतो, या भाषेचे नमुने मिळवले. वुस्ट्रोचे धर्मगुरू क्रिस्टियान हेनिंग यांनी क्लेनो गावच्या एका शेतकऱ्याच्या मदतीने मोठा शब्दसंग्रह तयार केला. पण सर्वांत मोलाची साक्ष आतून आली. योहान पारुम शुल्त्से हा झ्यूटेन गावचा शेतकरी, गुत्तेवाला आणि गावचा पाटील. जन्म १६७७, मृत्यू १७४०. त्याने आपल्या बखरीत गावच्या घडामोडींबरोबर मातृभाषेचे शब्द उतरवून ठेवले. आपण आणि आणखी तीन माणसे गेली की कुत्र्याला वेंडीत काय म्हणतात हेही गावात कोणाला सांगता येणार नाही, अशी खंत त्याने त्यात मांडली आहे. डोल्गो गावची एक वृद्धा १७५६ मध्ये वारली. ही भाषा पूर्ण जाणणारी ती शेवटची मानतात.

भाषा गेली, नावे राहिली. ‘इट्स’, ‘इन’ आणि ‘ओ’ असा शेवट असलेली गावनावे जिल्हाभर आहेत. ल्यूखो, वुस्ट्रो, गार्टो यांच्या जर्मन लिखाणात शेवटी येणारे अक्षर उच्चारले जात नाही. परका माणूस ते उच्चारतो आणि लगेच ओळखला जातो.

६. ताग, रेल्वे आणि थांबलेला पैसा

अठराव्या शतकात आणि एकोणिसाव्याच्या पूर्वार्धात इथल्या शेतकऱ्याच्या हातात रोकड येत होती ती जवसाच्या तागातून. हिवाळ्यात घरोघर सूत कातले जाई, कापड विणले जाई आणि ल्यूखो-वुस्ट्रोच्या बाजारातून बाहेर जाई. मोठी दालनी घरे या पैशावर उभी राहिली. पुढे गिरणीच्या सुती कापडाने हातमागाची तागी पेठ मोडली. पैसा थांबला तसे बांधकामही थांबले. जुने पाडून नवे बांधण्याची ऐपत नसल्याने गोल गावे टिकली. आज ज्याला वारसा म्हणून मिरवले जाते ते बऱ्याच अंशी मंदीने राखलेले आहे.

या काळात एकदा कडेपण सुटण्याची संधी आली. १८७४ मध्ये बर्लिनच्या बाजूचे विटेनबेर्गे आणि पश्चिमेचे ल्यूनेबुर्ग यांना जोडणारा रेल्वेमार्ग डानेनबेर्गवरून सुरू झाला. एल्बवर ड्योमित्स येथे जवळजवळ एक किलोमीटर लांबीचा लोखंडी पूल बांधला गेला. १९३६ मध्ये शेजारी रस्त्याचाही पूल झाला. अंतर तेच, जमीन तीच, लोक तेच. पण आता बर्लिनकडे जाणारी गाडी दारातून जात होती. या एका उदाहरणाने मूळ प्रश्नाचे अर्धे उत्तर मिळते : कडेपण मीटर-किलोमीटरमध्ये मोजता येत नाही, ते रस्त्यांच्या रोखावर ठरते.

सध्याचा जिल्हाही याच काळातला. ल्यूखो आणि डानेनबेर्ग हे दोन जिल्हे १९३२ मध्ये एक झाले.

७. तारेची सीमा : १९४५ ते १९८९

२० एप्रिल १९४५ रोजी अमेरिकन विमानांनी ड्योमित्सचा रेल्वेपूल पाडला. रस्त्याचा पूलही त्याच दिवसांत गेला. लढाईच्या धामधुमीत ही साधी लष्करी कारवाई होती. पण लवकरच एल्बची पूर्व बाजू सोव्हिएत ताब्यात आणि पश्चिम बाजू ब्रिटिश ताब्यात गेली. पूल पुन्हा बांधण्याचे कोणालाच कारण उरले नाही.

१९५२ मध्ये पूर्व जर्मनीने सीमा बंद केली. पाच किलोमीटरचा निर्बंधित पट्टा आखला, सीमेजवळच्या ‘अविश्वासू’ कुटुंबांना रातोरात उठवून आत हलवले. काही वस्त्या पुढे जमीनदोस्त झाल्या. श्नाकेनबुर्गजवळचे स्ट्रेझो त्यांपैकी एक. ल्यूखो-डानेनबेर्ग उत्तर, पूर्व आणि दक्षिण अशा तीन बाजूंनी वेढले गेले. येट्झेलचा उगम परराष्ट्रात गेला. सालव्हेडेल हे दक्षिणेकडचे जवळचे बाजारगाव नकाशावर हाकेच्या अंतरावर, पण तिथे जाण्यासाठी व्हिसा. १९७३ मध्ये ‘छोट्या सीमा-रहदारी’च्या करारानंतर बेर्गेन गावाजवळ एक नाका उघडला, तोही मोजक्या लोकांसाठी.

एल्बवरची सीमा तर कधीच ठरली नाही. श्नाकेनबुर्ग ते लाउएनबुर्ग या सुमारे ९४ किलोमीटरच्या टप्प्यात हद्द नदीच्या मध्यावर की पूर्व काठावर, यावर दोन जर्मनींचे शेवटपर्यंत एकमत झाले नाही. १९६६ च्या ऑक्टोबरमध्ये गोरलेबेनजवळ पश्चिमेच्या मोजणी-जहाजावरून दोन्हीकडच्या सशस्त्र नौका समोरासमोर आल्या.

पलीकडच्या काठावरचे र्‍यूटरबेर्ग हे गाव या व्यवस्थेचे टोक दाखवते. १९६७ पासून ते दोन्ही बाजूंनी कुंपणात होते, रात्री फाटक बंद होई. ८ नोव्हेंबर १९८९ रोजी गावकऱ्यांनी सभा घेऊन आपले ‘ग्राम-प्रजासत्ताक’ जाहीर केले. दुसऱ्या दिवशी बर्लिनची भिंत उघडली.

पश्चिमेनेही आपल्या काठाची नोंद घेतली, पण वेगळ्या पद्धतीने. १९७१ च्या कायद्याने सीमेलगतच्या सुमारे ४० किलोमीटर पट्ट्याला अनुदाने आणि करसवलती मिळू लागल्या. मदत खरी होती. पण तिने एक गोष्ट अधिकृत केली. हा भाग आता स्वतःच्या पायावर उभा राहणारा नाही, असे कायद्याच्या पुस्तकात लिहिले गेले.

८. मीठ : काठाची दुसरी किंमत

वेंडलांडच्या जमिनीखाली सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वी आटलेल्या समुद्राचे मीठ आहे. वरच्या थरांच्या दाबाने ते कमकुवत जागी वर चढले आणि त्याचे घुमट बनले. गोरलेबेनचा घुमट साधारण १४ किलोमीटर लांब; त्याचा माथा जमिनीखाली सुमारे २५० मीटरवर. २२ फेब्रुवारी १९७७ रोजी लोअर सॅक्सनीचे मुख्यमंत्री एर्न्स्ट आल्ब्रेख्त यांनी अणुइंधनाच्या पुनर्प्रक्रियेचा कारखाना आणि किरणोत्सारी कचऱ्याचे कायमचे भांडार यांसाठी या जागेची निवड जाहीर केली.

निवडीत भूगर्भशास्त्राचा वाटा किती आणि विरळ वस्तीचा, सीमेजवळ असण्याचा किती, हा वाद चाळीस वर्षे चालला. २०१० मध्ये जर्मन संसदेने चौकशी समिती नेमली, तिच्यातही सर्वपक्षीय निष्कर्ष निघाला नाही. दोन गोष्टी मात्र निर्विवाद आहेत. एक, या घुमटाचे मीठ एल्बखालून पूर्वेला रांबोपर्यंत जाते. म्हणजे खडकाला सीमा ठाऊक नव्हती, पण चाचणीच्या विहिरी पश्चिमेपुरत्याच घेता आल्या. दोन, घुमटाच्या माथ्यावरचे मातीचे रक्षक थर हिमयुगातल्या एका खोल चराने कापलेले आहेत आणि तिथे भूजल मिठाला भिडते.

विरोध अनपेक्षित दिशांनी आला. परंपरेने पुराणमतवादी असलेले शेतकरी ट्रॅक्टर घेऊन रस्त्यावर उतरले. १६९४ पासून गार्टोची जमीनदारी असलेल्या बेर्नस्टोर्फ घराण्याचे आंद्रेआस फोन बेर्नस्टोर्फ यांनी घुमटावरचे आपले जंगल विकण्यास नकार दिला. मार्च १९७९ मध्ये शेतकऱ्यांची दिंडी हानोफरला पोहोचली तेव्हा सुमारे एक लाख लोक जमले होते. त्याच आठवड्यात अमेरिकेत थ्री माइल आयलंडच्या अणुभट्टीचा अपघात झाला होता. मे महिन्यात आल्ब्रेख्त यांनी पुनर्प्रक्रियेचा कारखाना सोडून दिला. भांडाराचा शोध मात्र चालू राहिला. ३ मे १९८० रोजी आंदोलकांनी चाचणी-विहिरीच्या जागेवर झोपड्या बांधून ‘स्वतंत्र वेंडलांडचे प्रजासत्ताक’ स्थापन केले, ४ जूनला पोलिसांनी ते उठवले. बोलणारा शेवटचा माणूस गेल्यावर सव्वादोनशे वर्षांनी वेंडांचे नाव पुन्हा झेंड्यावर आले.

१९९५ ते २०११ या काळात गोरलेबेनच्या तात्पुरत्या कोठारासाठी कचऱ्याच्या महाकाय लोखंडी पात्रांच्या तेरा खेपा आल्या. ती पात्रे ल्यूनेबुर्ग-डानेनबेर्ग रेल्वेने येत आणि तिथून शेवटचे सुमारे वीस किलोमीटर ट्रकने जात. ज्या रुळांवरून कधी काळी बर्लिनची गाडी धावायची, त्यांचा उरलेला तुकडा आता या एका कामासाठी देशभर ओळखला जाऊ लागला.

९. सीमा गेली, कडेपण राहिले

१९९० मध्ये जर्मनी एक झाली आणि जिल्हा एका रात्रीत देशाच्या मध्यावर आला. १९९२ मध्ये ड्योमित्सचा रस्त्याचा पूल पुन्हा उभा राहिला. रेल्वेपूल मात्र पुन्हा बांधला गेला नाही. पश्चिम काठावर त्याच्या लोखंडी कमानी कुठेही न पोहोचता उभ्या आहेत. सीमेची अनुदाने आटली, नदीवरच्या जकातीवर जगणारे श्नाकेनबुर्ग ओस पडत गेले, तरुण बाहेर जात राहिले. रेषा पुसली की केंद्र आपोआप परत येते हा समज इथे खोटा ठरतो. चाळीस वर्षांत रस्ते, बाजार, नोकऱ्या यांनी जी दुसरी दिशा धरली ती एका कराराने वळत नाही.

उलट, काठाने राखलेल्या गोष्टी आता भांडवल ठरल्या. माणूस न फिरकलेल्या सीमापट्ट्यात आणि पूरमैदानात क्रौंच, करकोचे, बीव्हर टिकले. एल्बच्या खोऱ्याचा हा भाग २००२ पासून जीवावरण राखीव क्षेत्र आहे. गोल गावांतली घरे शहरातून आलेल्या कलावंतांनी घेतली. १९८९ पासून दर उन्हाळ्याच्या तोंडी गावोगावच्या खळ्यांत आणि अंगणांत कलामहोत्सव भरतो. त्याची मुळे अणुविरोधी चळवळीत आहेत.

१०. निष्कर्ष

तिन्ही प्रश्नांची उत्तरे आता एकत्र मांडता येतात. सीमा इथे कमीत कमी दोनदा आली, नवव्या शतकात आणि विसाव्या शतकात. दोन्ही वेळा ती बाहेरच्या सत्तेने आखली. नदीचा आधार घेतला गेला, पण नदीने ती मागितली नव्हती. सीमेने मागे दोन प्रकारचे अवशेष ठेवले. गोल गावे, पोलाबियन शब्द, पूरमैदानातले पक्षी हे दुर्लक्षातून उरले. किल्ला, कुंपण, कचरा हे लक्ष दिल्यामुळे आले. केंद्र विसरले तेव्हा काठाने राखले. केंद्राला आठवण झाली तेव्हा काठाला ओझे मिळाले. म्हणून कडेपण हा भूगोलाचा गुण मानण्याऐवजी सत्तेच्या निर्णयांची बेरीज मानणे अधिक शास्त्रीय ठरते.

२८ सप्टेंबर २०२० रोजी कायमच्या भांडाराच्या नव्या शोधाचा अंतरिम अहवाल आला. देशाच्या ५४ टक्के जमिनीखालचे खडक त्यात विचारयोग्य ठरले आणि गोरलेबेनचा घुमट भूगर्भीय निकषांवर वगळला गेला. घुमटात शोधासाठी खोदलेली खाण बंद करण्याचा निर्णय पुढल्या वर्षी झाला. तोवर आलेली ११३ पात्रे मात्र गावाबाहेरच्या इमारतीत जमिनीवरच उभी आहेत. तिथे ती ठेवण्याचा परवाना २०३४ अखेर संपतो.